सायकलवरून अवशेषांची सहल : सावर्डे ते कसबा संगमेश्वर



झाडीत उभं असलेलं पडकं देऊळ, ढासळलेला तट, शेताच्या बांधावर टेकवून ठेवलेला कोरीव दगड, गाळाने भरलेली पायऱ्यांची विहीर. या सगळ्याला आपण एकच शब्द वापरतो, ‘अवशेष’. अवशेष म्हणजे शिल्लक राहिलेला भाग. आता नीट विचार करा, शिल्लक राहिला तो कशातून? मूळ वस्तू केवढी होती? आणि ती इथेच का होती, शेजारच्या गावात का नव्हती?

हा शेवटचा प्रश्न सहसा कोणी विचारत नाही. एसटीची किंवा खासगी बस थेट देवळाच्या दाराशी थांबते. आपण उतरतो, फोटो काढतो, डबा खातो आणि पुन्हा बसमध्ये बसतो. देऊळ बघून होतं. पण ते तिथे का आहे, हे मात्र कळत नाही, कारण त्याचं उत्तर देवळापर्यंत जाणाऱ्या वाटेवर असतं आणि ती वाट आपण खिडकीला डोकं टेकून झोपेत पार केलेली असते.

म्हणून आजच्या पाठात आपण एक सहल आखणार आहोत. एका दिवसाची, सायकलवरून आणि सोबत माहितगार वाटाड्या घेऊन. निघायचं सावर्ड्याहून आणि पोचायचं कसबा संगमेश्वरला.

सायकलच का?

अवशेष सायकलवरून बघायची पद्धत जगात अनेक ठिकाणी रुळलेली आहे. कर्नाटकात हंपीला गेलात तर विजयनगरचे अवशेष सायकलवरून फिरून बघणारे लोक दिसतील. श्रीलंकेतलं पोलोन्नरुवा, थायलंडमधलं अयुथया ही जुन्या राजधान्यांची ठिकाणंही अशीच बघितली जातात. इटलीत रोमबाहेर ‘आप्पियन मार्ग’ नावाचा रस्ता आहे. इसवी सनपूर्व ३१२ मध्ये तो बांधायला सुरुवात झाली. त्याच्या दोन्ही बाजूंना जुनी थडगी आणि पडक्या इमारती आहेत. तिथेही वाटाड्याबरोबर सायकलवरून जायच्या सहली निघतात. त्या रस्त्यावर एक गोष्ट पटकन समजते. थडगी रस्त्याच्या कडेला बांधली, कारण येणाऱ्या-जाणाऱ्याने ती बघावीत अशी इच्छा होती. म्हणजे आधी रस्ता आणि मग थडगी. रस्ता काढून टाकला तर थडग्यांची जागा कोड्यासारखी वाटेल.

आपल्या कोकणातही हेच आहे. सायकलचा वेग ताशी १२ ते १५ किलोमीटर. चालण्यापेक्षा तिप्पट, पण गाडीपेक्षा कितीतरी कमी. या वेगाने एका दिवसात तीसेक किलोमीटरची वाट आरामात होते आणि वाटेतला ओढा, चढ, फाटा, पार, काहीही सुटत नाही. शिवाय चढ आला की पाय सांगतात, “हा चढ आहे.” गाडीत बसलेल्याला हे कळतच नाही. सामानाचे बैल हाकत जाणाऱ्या जुन्या व्यापाऱ्याला मात्र ते रोज कळत होतं. मुक्काम कुठे करायचा, पाणी कुठे प्यायचं, नदी कुठून ओलांडायची हे सगळं त्याने चढ-उतार बघूनच ठरवलं. आणि जिथे मुक्काम तिथे बाजार, जिथे बाजार तिथे देऊळ. आजच्या पाठात एवढी एक गोष्ट लक्षात ठेवलीत तरी पुरे : अवशेष एकटे नसतात, ते वाटेवर असतात.

आपला मार्ग

सावर्डे हे चिपळूण तालुक्यातलं मुंबई-गोवा महामार्गावरचं गाव. कोकण रेल्वेचं स्थानक आहे, मोठी शाळा-कॉलेजं आहेत, चित्र-शिल्प शिकवणारं कला महाविद्यालय आहे. जवळच डेरवणला शिवसृष्टी आहे. शिवाजी महाराजांच्या आयुष्यातले प्रसंग तिथे शिल्पांतून उभे केले आहेत. ती आधुनिक काळातली निर्मिती आहे, अवशेष नव्हे. हा फरकही मुलांना समजावून सांगण्यासारखा आहे. शिवसृष्टी आपल्याला इतिहासाची कल्पना करून दाखवते. अवशेषापुढे ती कल्पना आपली आपल्याला करावी लागते.

सावर्ड्याहून दक्षिणेला निघालं की अरवली लागते. इथे चिपळूण तालुका मागे पडतो आणि संगमेश्वर तालुका सुरू होतो. पुढे तुरळ, थोडं आत राजवाडी, मग शास्त्री नदीवरचा पूल. पूल आला की संगमेश्वर जवळ आलंच, पण आपण गावात शिरायचं नाही. पुलापाशी डावीकडे, म्हणजे सह्याद्रीच्या बाजूला, एक फाटा जातो. तो कसब्याचा. सावर्डे ते कसबा हे अंतर साधारण तीस-बत्तीस किलोमीटर धरा. वाटेत थांबत, बघत गेलं तर चार-पाच तास.

अरवली आणि तुरळ : पाणी गरम का?

पहिला थांबा अरवली. इथे गड नदी आहे आणि गरम पाण्याचे झरे आहेत. पुढे तुरळला आणि राजवाडीलाही असेच झरे. अरवलीचं पाणी अंगाला सोसेल इतकं गरम, तुरळचं त्याहून बरंच जास्त.

“सर, खाली ज्वालामुखी आहे का?” हा प्रश्न दरवेळी येतो. उत्तर आहे, नाही. कोकणात आज कुठेही जागता ज्वालामुखी नाही. पावसाचं पाणी जमिनीतल्या भेगांमधून खूप खोल जातं. जमिनीत जसजसं खोल जावं तसतशी उष्णता वाढते. तिथे तापलेलं पाणी दुसऱ्या भेगेतून पुन्हा वर येतं. ठाणे जिल्ह्यातल्या गणेशपुरी-वज्रेश्वरीपासून दापोली तालुक्यातलं उन्हवरे, मग अरवली, तुरळ, राजवाडी आणि खाली राजापूरपर्यंत हे झरे जवळजवळ एका उत्तर-दक्षिण पट्ट्यात आहेत. नकाशावर ठिपके जोडून बघा, समुद्र आणि सह्याद्री यांच्या मधून जाणारी रेघ तयार होईल.

आता याचा अवशेषांशी काय संबंध? वाट चालून थकलेल्या माणसाला गरम पाणी म्हणजे वरदानच. अंघोळ होते, पाय मोकळे होतात, आणि पाणी औषधी आहे अशी लोकांची श्रद्धाही असते. मग तिथे कुंड बांधलं जातं आणि कुंडाशेजारी देव येतो. राजवाडीत सोमेश्वराचं देऊळ आणि गरम पाण्याचं कुंड जवळजवळ आहेत. हे देऊळ वाटेतला एक सुंदर थांबा आहे. इथे मुलांना सांगा, “देवळाचं चित्र काढू नका. आधी देवळापासून कुंडापर्यंत किती पावलं आहेत ती मोजा.” पावलं मोजली की देऊळ आणि पाणी यांचं नातं सांगावं लागत नाही.

शास्त्री नदी : बंदर कुठे गेलं?

पुलावर पोचलात की सायकली कडेला सुरक्षित लावा आणि पाण्याकडे बघा. ही शास्त्री नदी. सह्याद्रीतून निघते, संगमेश्वरला तिला सोनवी मिळते आणि पुढे जयगडच्या खाडीतून ती समुद्राला जाते. उन्हाळ्यात इथे उभं राहून कोणी म्हणालं की “इथे गलबतं लागत होती,” तर विश्वास बसणार नाही. पण लागत होती.

१८८० साली छापलेल्या रत्नागिरी जिल्ह्याच्या गॅझेटियरमध्ये याची नोंद आहे. त्याच्या आधीच्या काही दशकांपर्यंत मोठी गलबतं संगमेश्वरच्या धक्क्याजवळ येत होती. नंतर नदी गाळाने भरत गेली आणि गलबतांना खालच्या बाजूला फुणगूसला थांबावं लागू लागलं. गाळ कुठून आला? डोंगरउतारावरची झाडी तुटली की कोकणातला पाऊस उघडी माती धुऊन नेतो. ती माती नदीत बसते. नदी उथळ झाली की गलबत येत नाही. गलबत नाही तर माल नाही, माल नाही तर बाजार बसतो. आणि बाजार बसला की देवळाची दिवाबत्ती करणारे, डागडुजीला पैसे देणारे लोकही दुसरीकडे जातात. देऊळ ओस पडायला दरवेळी शत्रूचा हल्लाच व्हावा लागतो असं नाही, बरं का. कधी कधी नदीतला गाळही पुरतो.

आता पूर्वेला तोंड करा. समोर सह्याद्रीची भिंत. तिच्यातून घाटवाटा खाली उतरतात. घाटावरचा माल खाली यायचा, किनाऱ्यावरचं मीठ, सुकी मासळी, नारळ वर जायचा. घाटवाट जिथे सपाटीला येते आणि खाडीचं पाणी जिथपर्यंत आत शिरतं, त्या दोन टोकांच्या मधली जागा म्हणजे माल उतरवायची आणि चढवायची जागा. संगमेश्वर आणि कसबा नेमके या जागेवर आहेत. ‘कसबा’ हा शब्दच अरबीतून आलेला आहे. त्याचा अर्थ बाजारपेठेचं, महत्त्वाचं गाव. म्हणजे गावाचं नावही आपल्याला तेच सांगतंय.

कसबा : देऊळ वाचायचं कसं?

कसब्यात शास्त्री, अलकनंदा आणि वरुणा या नद्यांचा संगम आहे. संगमाचा ईश्वर तो संगमेश्वर. या परिसरात लहान-मोठी अनेक जुनी देवळं आहेत. काही नांदती, काही पडकी, काहींचं फक्त जोतं उरलेलं. त्यांतलं सगळ्यात प्रसिद्ध देऊळ कर्णेश्वराचं. काळ्या पाषाणातलं शिवमंदिर, कोरीव खांब, कोरीव छत. आवारात सूर्याची देखणी मूर्तीही आहे.

एक सूचना आधीच देतो. कर्णेश्वर हे नांदतं देऊळ आहे. तिथे रोज पूजा होते. चपला बाहेर काढा, आवाज कमी ठेवा, गाभाऱ्यात पुजारी किंवा गावकरी सांगतील तसं वागा. आपण बघायला गेलेलो असतो, त्यांचं मात्र ते घरचं देऊळ असतं.

आता देऊळ वाचायला सुरुवात करू. खालून वर आणि बाहेरून आत, असा क्रम ठेवा.

पहिलं, दगड. सहलभर तुम्ही रस्त्याकडेच्या घरांना, गडग्यांना तांबडा जांभा दगड बघितलेला असतो. जांभा खाणीतून काढताना मऊ असतो, हवेत राहिला की कडक होतो. कापायला सोपा, पण छिद्रं असल्यामुळे त्यात बारीक नक्षी टिकत नाही. कर्णेश्वराचा दगड मात्र काळा आहे. तो बेसाल्ट. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी ज्वालामुखीच्या लाव्हारसाचे थरावर थर साचून दख्खनचा हा खडक तयार झाला. फोडायला कठीण, पण त्यात एकदा कोरलेली नाजूक रेघ शेकडो वर्षं टिकते. म्हणजे जांभा सोडून काळा दगड निवडला, तिथेच बांधणाऱ्याने ठरवलं होतं की हे काम टिकाऊ आणि खर्चाचं असणार.

दुसरं, जोड. दोन दगडांच्या मध्ये चुना शोधा. अशा जुन्या देवळांत दगड एकमेकांवर घडवून, खाचा पाडून बसवलेले असतात. उभे खांब, त्यावर आडव्या तुळया, त्यावर छत. कमान नाही. दगडाचं वजनच दगडाला जागेवर धरून ठेवतं.

तिसरं, छत. मंडपात मधोमध उभे राहा आणि मान वर करा. मोठी चौकोनी जागा झाकायची आहे आणि तेवढा लांब दगड मिळत नाही. मग काय करायचं? कारागिरांनी युक्ती केली. चारही कोपऱ्यांत तिरके दगड ठेवले, त्यामुळे मधला चौकोन लहान झाला. त्यावर पुन्हा तिरके दगड, चौकोन आणखी लहान. शेवटी उरलेल्या छोट्या जागेवर एक दगड झाकण म्हणून ठेवला आणि त्यावर बहुतेक वेळा कमळ कोरलं. वर्गात काड्यापेटीतल्या काड्यांनी हे करून बघा, पाच मिनिटांत कळेल.

चौथं, दार. गाभाऱ्याच्या चौकटीवर उभ्या पट्ट्या असतात, त्यांना शाखा म्हणतात. पट्ट्या जितक्या जास्त तितकं काम खर्चिक. चौकटीच्या वर मधोमध जे छोटं शिल्प असतं ते ललाटबिंब.

पाचवं, पाणी बाहेर जायची वाट. अभिषेकाचं पाणी गाभाऱ्यातून ज्या पन्हळीने बाहेर पडतं ती कोणत्या दिशेला आहे? होकायंत्र काढा आणि नोंद करा.

सहावं, आवारात किंवा वाटेवर उभे केलेले दगड. कोकणात आणि घाटावर जुन्या देवळांजवळ वीरगळ सापडतात. वीरगळ म्हणजे लढताना मेलेल्या वीराची आठवण. तो खालून वर वाचायचा. सगळ्यात खाली लढाई किंवा पडलेला वीर, त्यावर अप्सरा त्याला स्वर्गात नेताहेत, त्यावर तो शिवलिंगाची पूजा करतोय. अगदी वर सूर्य आणि चंद्र, म्हणजे सूर्य-चंद्र असेपर्यंत ही आठवण राहो. बांगड्या भरलेला, कोपरात वाकवलेला हात कोरलेला दिसला तर ती सतीशिळा. हे दगड बहुतेकदा बेवारस पडलेले असतात, कारण त्यांच्यावर नाव नसतं.

तीन प्रकारचे पुरावे

कर्णेश्वर कोणी बांधलं? इथे वाटाड्याची खरी परीक्षा असते.

एक उत्तर असं मिळेल, “पांडवांनी एका रात्रीत बांधलं.” महाराष्ट्रातल्या कितीतरी दगडी देवळांबद्दल हेच सांगतात. दुसरं उत्तर मिळेल, “कर्ण नावाच्या चालुक्य राजाने सातव्या शतकात बांधलं, म्हणून कर्णेश्वर.” ही परंपरागत हकीकत जुन्या गॅझेटियरमध्येही दिलेली आहे. तिसरं उत्तर शैलीचा अभ्यास करणारे देतात. खांबांची घडण, छत, नक्षी यांवरून ते देऊळ बरंच नंतरचं, साधारण अकराव्या-बाराव्या शतकाकडचं मानतात.

मग यातलं काय लिहायचं वहीत? तिन्ही लिहा, पण तीन वेगळ्या रकान्यांत. पहिला रकाना ‘सांगतात’, दुसरा ‘दगड सांगतो’, तिसरा ‘कागद सांगतो’. पांडवांची गोष्ट पहिल्या रकान्यात. ती खोटी म्हणून खोडू नका. तिच्यातून एक गोष्ट कळते, की ज्या काळात ही कथा रुजली तेव्हा बांधणाऱ्यांची आठवण पुसली गेली होती आणि तरीही लोकांना हे काम माणसाच्या हातचं वाटू नये इतकं मोठं वाटत होतं. चांगला वाटाड्या “असं सांगतात” आणि “असं आहे” या दोन वाक्यांत कधी घोटाळा करत नाही. सहलीला वाटाड्या निवडताना आधी हेच बघा.

हीच वाट, १६८९

कसब्याचं नाव मराठी माणसाला वेगळ्याच कारणाने माहीत असतं. फेब्रुवारी १६८९ च्या सुरुवातीला छत्रपती संभाजी महाराज इथे मोगलांच्या हाती सापडले. मोगल सरदार मुकर्रबखान कोल्हापूरच्या बाजूने सह्याद्री ओलांडून वेगाने खाली उतरला. ‘मआसिर-ए-आलमगिरी’ या फार्सी ग्रंथात या दौडीचं वर्णन आहे. झटापटीत म्हाळोजी घोरपडे पडले. महाराज आणि कवी कलश कैद झाले आणि ११ मार्च १६८९ ला महाराजांची हत्या झाली. कसब्यात आज महाराजांचं स्मारक आहे.

ही घटना ऐकताना मुलं गंभीर होतात, आणि व्हायलाच हवं. पण शिक्षकाने इथे आणखी एक प्रश्न विचारावा, “महाराज कसब्याला का होते?” उत्तर नकाशात आहे. इथून घाटवाटा वर जातात, प्रचितगडासारखा किल्ला घाटमाथ्यावर आहे, पायथ्याला शृंगारपूर आहे. शिवाजी महाराजांनी १६६१ मध्ये सुर्व्यांकडून शृंगारपूर घेतलं. महाराणी येसूबाईंचं माहेर, शिर्क्यांचं घराणं, याच भागातलं. रायगडाकडून दक्षिणेला जायची, घाटावर चढायची आणि खाडीला उतरायची वाट, या सगळ्यांचा हा नाका होता. ज्या वाटेने शतकानुशतकं मीठ वर गेलं आणि धान्य खाली आलं, तशाच वाटेने शत्रूही खाली उतरला. व्यापार, देवळं आणि १६८९ ची घटना, या तीन वेगळ्या धड्यांत वाचलेल्या गोष्टी कसब्यात एकाच वाटेवर भेटतात. सायकलवरून तो चढ-उतार अंगावर घेतलेल्या मुलाला हे वेगळं समजवावं लागत नाही.

अवशेष कोण मोडतं?

दुपारचं जेवण झालं की सावलीत बसून यावर बोला. हा या सहलीतला सगळ्यात महत्त्वाचा भाग आहे, कारण यात आपणही येतो.

पाऊस आणि झाडं. रत्नागिरी जिल्ह्यात वर्षाला तीन हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो. दगडांच्या फटीत वड-पिंपळाचं बी पडतं, मूळ जाड होत जातं आणि वजनावर टेकलेला दगड सरकतो. एक तुळई सरकली की छत खाली येतं.

रस्ता आणि बांधकाम. महामार्ग रुंद करणं गरजेचं आहे, अपघात कमी व्हायला हवेत. पण रस्त्याकडेला उभा असलेला वीरगळ, जुना पार, दगडी कुंड यांची आधी कुठे नोंदच नसेल, तर मशीन आल्यावर ते वाचवा असं सांगणार कोण?

आणि तिसरं कारण म्हणजे प्रेम. हो, प्रेमच. आपल्या देवळाचा जीर्णोद्धार व्हावा म्हणून गावकरी पदराला खार लावून पैसे जमवतात. मग कोरीव खांबांना ऑइल पेंट लागतो, फटींत सिमेंट भरलं जातं, जमिनीवर गुळगुळीत फरशी येते. जुन्या बांधकामात सिमेंट घट्ट बसतं आणि ओल आत कोंडते. दगड आतून झिजतो. रंगाखाली नक्षीचे बारीक खाचे बुजतात. हेतू चांगला, पण परिणाम वाईट. गावकऱ्यांना दोष देऊन काही होणार नाही. त्यांना आधीच कोणी समजावून सांगितलेलं नसतं. आज जे दहावीत आहेत, ते वीस वर्षांनी गावच्या देवस्थान समितीत असतील. त्यांना आज कळलं तर उद्याचा रंगाचा डबा थांबेल.

कायदाही आहे. केंद्राने संरक्षित केलेल्या स्मारकांसाठी १९५८ चा कायदा आहे. २०१० च्या दुरुस्तीनुसार अशा स्मारकापासून १०० मीटरपर्यंत नवं बांधकाम करता येत नाही आणि त्यापुढच्या २०० मीटरमध्ये परवानगी लागते. राज्याचा स्वतंत्र कायदा १९६० चा आहे. जमिनीत पुरलेली जुनी मौल्यवान वस्तू सापडली तर १८७८ च्या निखात निधी कायद्याप्रमाणे ती सरकारला कळवावी लागते. पण बांधावरच्या एकट्या वीरगळाचं काय? तो बहुतेकदा कोणत्याच यादीत नसतो. त्याला वाचवायचं असेल तर आधी त्याची नोंद व्हायला हवी, आणि ती नोंद शाळेतली मुलंसुद्धा करू शकतात.

नोंद कशी करायची?

प्रत्येक अवशेषासाठी एक कार्ड करा. त्यावर एवढंच लिहा :

१. ठिकाण : गाव, वाडी, जवळची खूण.
२. दिशा : तोंड कुठे आहे?
३. माप : उंची, रुंदी, जाडी, टेपने मोजून.
४. दगड : जांभा की काळा?
५. अवस्था : उभा, पडलेला, तुटलेला, रंगवलेला.
६. रेखाचित्र : सुंदर नको, खरं हवं.
७. कोण काय सांगतं : सांगणाऱ्याला विचारून, परवानगीने.
८. तारीख.

फोटो काढाच, पण रेखाचित्र चुकवू नका. हात फिरतो तेव्हाच डोळा थांबतो. कार्डांची एक प्रत शाळेत, एक ग्रामपंचायतीत ठेवा. काही विशेष वाटलं तर राज्य पुरातत्त्व विभागाला कळवा. त्यांचं कार्यालय रत्नागिरीत आहे. आणि हो, दगड हलवायचा नाही, घासायचा नाही, अक्षरं दिसावीत म्हणून त्यावर खडू किंवा पीठ चोळायचं नाही. सापडलेला तुकडा दप्तरात घालून आणायचा तर अजिबात नाही. जागा सुटली की दगड मुका होतो.

रत्नागिरी जिल्ह्यात नोंदींचं मोठं उदाहरण आहेच. जांभ्याच्या सड्यांवरची कातळशिल्पं गावकऱ्यांना पूर्वीपासून दिसत होती. स्थानिक अभ्यासकांनी गावोगाव फिरून, गुराख्यांना विचारून, मापं घेऊन ती नोंदवली. उक्षी, जांभरूण, कशेळी, देवाचे गोठणे, बारसू ही नावं त्यामुळे बाहेर कळली. २०२२ मध्ये कोकणातली कातळशिल्पं युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या संभाव्य यादीत गेली. त्याची सुरुवात वही, टेप आणि विचारपूस एवढ्यावरच झाली होती.

निघण्यापूर्वी

सहल नोव्हेंबर ते फेब्रुवारी या काळात ठेवा. सकाळी सहाला निघा, म्हणजे ऊन चढायच्या आत कसबा गाठता येईल. महामार्गावर अवजड वाहनं असतात, त्यामुळे एका रांगेतच चालवायचं. पुढे वाटाड्या, मागे एक शिक्षक, दर आठ-दहा मुलांमागे एक मोठं माणूस. हेल्मेट हवंच. आदल्या दिवशी प्रत्येक सायकलचे ब्रेक, चेन, टायरमधली हवा तपासा. पंक्चरचं सामान, पंप, दोन जादा ट्यूब, प्रथमोपचार पेटी आणि माणशी दोन लिटर पाणी घ्या. एक टेम्पो सोबत ठेवा. दमलेल्या मुलाला त्यात बसवता येतं आणि परतताना सगळ्या सायकली त्यातच चढवता येतात. संध्याकाळी थकलेल्या मुलांना महामार्गावरून परत सायकलने आणू नका. पालकांची लेखी संमती आणि मुख्याध्यापकांची परवानगी आधी घ्या. नदीच्या पात्रात आणि कुंडात शिक्षकांच्या परवानगीशिवाय उतरायचं नाही. तुरळचं पाणी भाजण्याइतकं गरम असू शकतं, हात घालण्याआधी विचारा.

वाटाड्या म्हणून बाहेरचाच तज्ज्ञ हवा असं नाही. कसब्यातल्या एखाद्या जाणत्या माणसाला आधी जाऊन भेटा, सहलीचा हेतू सांगा, त्यांच्या वेळेचं योग्य मानधन द्या. गावातल्या माणसाला मान आणि दाम मिळाला की अवशेष जपायला गावात एक कारण वाढतं.

स्वाध्याय

१. तुमच्या गावातून जाणारी सगळ्यात जुनी वाट कोणती? आजी-आजोबांना विचारा. त्या वाटेवर पार, विहीर, देऊळ, कोरीव दगड यांपैकी काय काय आहे, ते नकाशात दाखवा.

२. संगमेश्वरला येणारी गलबतं थांबली याची कारणं क्रमाने लिहा. झाडं तुटण्यापासून सुरुवात करा.

३. तुमच्या गावच्या देवळाबद्दल मिळालेली माहिती ‘सांगतात’, ‘दगड सांगतो’, ‘कागद सांगतो’ या तीन रकान्यांत भरा. कोणता रकाना रिकामा राहिला?

४. काड्यांचा वापर करून तिरक्या दगडांच्या छताची प्रतिकृती करा. किती थरांनंतर मधली जागा झाकली गेली?

५. तुमच्या देवस्थान समितीने दगडी देवळाला ऑइल पेंट द्यायचं ठरवलं आहे, असं समजा. समितीतल्या ज्येष्ठांना उद्देशून, आदर राखून, विनंतीपत्र लिहा. तुमचं कारण पटेल असं दोन-तीन वाक्यांत मांडा.

पाचव्या प्रश्नाचं उत्तर वहीतच ठेवू नका. घरी वाचून दाखवा. तुमच्या गावात खरंच असं काही ठरत असेल, तर ते पत्र योग्य माणसाच्या हातात द्या.